वल्ह्याला पलीकडे न्यायचं कुणी?

पुढाऱ्याच्या हातात मक्याचं एक मोडकं ताट होतं आणि ते तो तलवारीसारखं आक्काच्या तोंडापुढे नाचवत होता.

"हे बघ! बघ तुझ्या भावाचे प्रताप! अख्ख्या गावाची गुरं सोडली आणि माझ्या मक्यात घातली. नुकता कुठं कणसात दाणा धरत होता. आता जाऊन बघ, हत्ती लोळून गेल्यासारखं रान झालंय!"

आक्का शेंगांच्या वेलांना काठ्या लावत होती. तिनं मागं वळूनही पाहिलं नाही. "गुरं निघाली का मक्यातून?"

"निघाली. पोट फुटेस्तोवर खाऊन निघाली!"

"मग गुरांचं पोट दुखत असेल. आधी ते बघा. माझ्याशी भांडायला मी इथंच आहे."

पुढारी भांडायला कधी एकटा जात नसे. आजही गिरणी बंद करायला लावून त्यानं गिरणीवाल्याला बरोबर आणलं होतं. गिरणीवाला म्हणजे गावातला सगळ्यात दांडगा गडी. दोन पोती एकदम खांद्यावर टाकायचा. म्हैस चिखलात रुतली, बोलवा गिरणीवाल्याला. कुणाचा जावई पिऊन दारात आडवा पडला, बोलवा गिरणीवाल्याला. भुवया आणि मिश्या बारमाही पिठानं पांढऱ्या, त्यामुळे चाळिशीतच म्हातारा दिसायचा. अंगानं रेडा, पण काळजानं कोंबडीचं पिल्लू. हे त्याच्या बायकोला माहीत होतं आणि त्याला स्वतःला माहीत होतं. बाकी गाव त्याच्या दंडाकडे बघून चालायचं.

आत्ताही तो वेलाच्या मांडवाआड तोंड लपवून उभा होता.

"तू का रे गप्प?" आक्कानं त्याला गाठलंच. "तुला कशाला आणलंय ते कळलं मला."

गिरणीवाल्यानं पायाच्या अंगठ्यानं माती उकरली.

आक्काचा धाकटा भाऊ गावचा नावाडी. त्याचं खरं नाव बारशानंतर कुणी घेतलंच नसावं. हातात वल्हं घेऊनच जन्मला म्हणून सगळे त्याला वल्ह्या म्हणायचे. आई लवकर गेली, आक्कानं त्याला वाढवला, आणि आक्काचा संसार काही जमला नाही तेव्हा ती परत येऊन त्याच्याच झोपडीत, नदीच्या उताराशी राहिली. ती भाजी लावायची, तो लोकांना पलीकडे न्यायचा. गाव या तीरावर, बाजारपेठ त्या तीरावर. पूल होता, पण खाली तेरा कोसांवर, आणि नदी फुगली की त्या वाटेवरचे ओढेही फुगायचे. मग गावाला वल्ह्याशिवाय दुसरी वाट नव्हती. गावाच्या वळणाशी पाण्यात खडक आहेत. ते कुठं आहेत हे एक नदीला ठाऊक आणि एक वल्ह्याला.

आठ दिवस नदी तुडुंब होती आणि पाच रात्री वल्ह्या झोपला नव्हता. आधी त्यानं नाव रंगवली. वाळायच्या आत पुन्हा रंगवली. मग बोलणं वाढलं. एक वाक्य संपायच्या आत दुसरं, त्याच्या शेपटीला तिसरं. जेवण सुटलं. आणि आज पहाटे त्यानं जमिनीला कान लावला, "खालून पाणी चालतंय, गाव बुडणार!" म्हणून घरोघरची दावी सोडली आणि गुरं उंचवट्यावर हाकलली. उंचवटा होता पुढाऱ्याच्या मक्याचा.

खरं सांगायचं तर पूर काही आला नाही. त्या दिवशी नाही, त्या आठवड्यात नाही, त्या सबंध वर्षात नाही. गोष्टीतल्या वेड्याचं खरं ठरतं, वल्ह्याचं ठरलं नाही. तो आजारीच होता.

आणि ही पहिली खेप नव्हती. चार वर्षांमागं असंच झालं होतं. तेव्हा उन्हाळा होता, नदी गुडघाभर. गावानं ठरवलं, याला पलीकडच्या वेड्यांच्या दवाखान्यात टाकायचं. वल्ह्या जाईना. तेव्हा गिरणीवाल्यानं त्याला मागून मिठी मारली आणि मनगटं बांधली. पोत्याच्या तोंडाला मारतात ती गाठ. ती ओढली की आणखी आवळते. वल्ह्या ओढत राहिला. त्याला त्याच्याच नावेत आडवा घालून, लोकांनी पाण्यातून नाव ढकलत नेली. आक्काला सांगितलं, सही कर, आठ दिवसांत घरी येईल. तिनं केली.

वल्ह्या सात महिन्यांनी आला. सुजलेला, गप्प, आणि हात असे कापायचे की पाण्याचा तांब्या तोंडाशी जाईस्तोवर अर्धा सांडायचा. वल्हं पुन्हा हातात बसायला वर्ष गेलं.

गिरणीवाल्याला तो त्यावरून एका शब्दानं बोलला नाही. दर आठवड्याला दळण घेऊन यायचा, "काय गिरणीदादा, बरं आहे ना?" म्हणायचा. फक्त पीठ भरून झालं की पोत्याचं तोंड स्वतः बांधायचा. गिरणीवाल्याला बांधू द्यायचा नाही. चार वर्षं गिरणीवाला ते बघत होता. त्यापेक्षा दोन शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

दुपारी शाळेच्या ओसरीवर बैठक बसली. पुढाऱ्यानं कागद पुढं केला. 'सदर इसम गावाला धोका आहे,' असं त्यानं स्वतःच्या हातानं लिहिलं होतं आणि 'धोका' दोनदा अधोरेखित केला होता.

"आजच्या आज पलीकडे न्यायचा," पुढारी म्हणाला. "आहे कुणाची हरकत?"

कुणाची नव्हती.

"गिरणीवाला धरेल. मी कागद देईन. झालं."

मागून कुणीतरी म्हातारा खाकरला. "ते झालं. पण नाव कोण चालवणार?"

ओसरीवर अशी सामसूम झाली की पलीकडच्या वर्गातली पाढ्यांची घोकंपट्टी ऐकू यायला लागली. सगळ्यांनी नदीकडे पाहिलं. गढूळ पाणी, घोंघावत चाललेलं. मग सगळ्यांनी आपापल्या पायांकडे पाहिलं.

"या पाण्यात नाव फक्त वल्ह्याच चालवतो," तो म्हातारा म्हणाला.

"मग तोच चालवेल," पुढारी म्हणाला. "त्याला सांगायचं, आम्हाला बाजारात काम आहे. पलीकडे लागलो की धरायचा."

"मी त्याला खरं काय ते सांगणार आहे," आक्का खांबाला टेकून उभी होती ती म्हणाली.

"अगं, वेड्याला काय सांगायचं अन् काय विचारायचं?"

"वेडा झालाय तो. बहिरा नाही झाला."

कुणीतरी फिसकन हसलं. पुढाऱ्याच्या कपाळाला आठ्या पडल्या. "ज्याचं करावं भलं तो म्हणतो माझंच खरं! तुला काय वाटतं, त्याला दवाखाना नको?"

"पाहिजे. तुम्हाला मका तुडवल्यावर कळलं, मला त्यानं नावेला दुसरा हात मारला तेव्हाच कळलंय." आक्कानं खांब सोडला. "पण मागच्या खेपेला त्याला न विचारता सही केली मी. सात महिने गेले त्याचे. यंदा विचारणार."

तिनं विचारलं, पुढाऱ्याच्या कागदातलं सगळं सांगून विचारलं. गिरणीवाला लांबून बघत होता. वल्ह्या नावेत उभा, आक्का काठावर बसलेली. वल्ह्या हातवारे करत होता, हसत होता, मध्येच ओरडत होता. बऱ्याच वेळानं आक्का परत आली.

"काय म्हणाला?"

"म्हणाला, मी ठणठणीत आहे, गावालाच झोपेचा रोग झालाय." तिनं पदरानं तोंड पुसलं. "आणि म्हणाला, पलीकडे जायचं असेल तर चला, नाव तयार आहे. माझं म्हणाल तर, मी पण येतेय. पण दोरी आणाल तर मी तुमच्यात नाही."

"छे, दोरी कसली!" पुढारी म्हणाला आणि गिरणीवाल्याला डोळा घातला.

गिरणीवाल्यानं दोरी रिकाम्या पोत्यात गुंडाळली आणि नावेत जाऊन त्या पोत्यावर बसला. त्याला पाण्याची भीती. ओंजळीतलं पाणीसुद्धा तो जपून प्यायचा. नाव हलली तशी त्यानं दोन्ही हातांनी काठ धरला आणि डोळे मिटले.

वल्ह्या मात्र खुशीत होता. डोळे लाल, गाल आत गेलेले, पण हात सुरेख चालले होते. "बसा बसा, पुढारी मध्ये बसा, वजन आहे तुमचं! आक्का, तू पुढं. काय गिरणीदादा, आज नावेत? बाजारात काय पिठाचा भाव विचारायला? डोळे उघड, पाणी बघ, कसं नव्या बैलासारखं उधळलंय! याच्या शिंगाला धरायचं नाही, याच्या बाजूनं पळायचं. काय?"

"हो," गिरणीवाला डोळे मिटूनच म्हणाला.

"आणि हे पोतं कशाला? काय आहे त्यात?"

आता एखादा बेरकी माणूस असता तर म्हणाला असता, दळण. म्हणाला असता, काही नाही, बूड भिजू नये म्हणून. पण गिरणीवाल्याला आयुष्यात कधी खोटं जमलं नव्हतं. बायको म्हणायची, तुमच्या तोंडाला झाकणच नाही. त्यानं डोळे उघडले. समोर वल्ह्याचे हात होते, वल्हं घट्ट धरलेले, आणि मनगटांवर चार वर्षांपूर्वीचे फिकट व्रण.

"दोरी," तो म्हणाला.

पुढाऱ्यानं कपाळावर हात मारून घेतला.

वल्ह्यानं वल्हं पाण्यातून काढलं आणि नावेत आडवं ठेवलं. नाव नदीच्या मधोमध. ती हळूच फिरली आणि आपली आपण प्रवाहाला लागली.

"अस्सं!" वल्ह्या म्हणाला आणि मांडी घालून बसला. "तर मग बैठक इथंच होऊ दे. तुमच्या ओसरीवर मला बोलावणं नव्हतं. बोला पुढारी. विषय काय?"

"वल्हं घे! अरे, वल्हं घे हातात!"

"आधी विषय."

"वल्ह्या, बाबा, राजा..."

"मघाशी मी इसम होतो ना? सदर इसम?" वल्ह्या खदखदून हसला. ते हसणं थांबेचना. "गिरणीदादा, हात वर कर, ज्यांना वाटतं मी वेडा आहे त्यांनी हात वर करा!"

पण कुणाचाच हात काठ सोडेना. तेवढ्यात आक्का किंचाळली, "झाड!"

वरून एक अख्खं झाड वाहत येत होतं. मुळं वर, फांद्या पाण्याखाली, बैलगाडीएवढं. आणि वल्ह्याचं तोंड तिकडंच होतं. त्याच्या डोळ्यांसमोर होतं ते. गिरणीवाल्यानं पाहिलं, वल्ह्या झाडाकडे बघत होता आणि हसत होता, त्याला ते दिसतच नव्हतं.

"वल्ह्या, झाड!"

मग दिसलं. पुढचं सगळं एका श्वासात झालं. वल्ह्या उठला, वल्हं पाण्यात गेलं, नाव कलली, मुळ्यांनी नावेची कड खरवडली, ओंजळभर नव्हे, चांगलं घागरभर पाणी आत आलं, पुढारी गिरणीवाल्याच्या मांडीवर येऊन पडला, आणि झाड शेजारून निघून गेलं.

वल्ह्यानं नाव सरळ केली. खडक चुकवत, तोंड मिटून, त्यानं ती पलीकडच्या तीराला आणली. नाव मातीला लागल्यावरही तो उतरला नाही.

"आक्का," तो म्हणाला, "मला झाड दिसलं नाही."

"हो रे."

"समोर होतं. मी नावाडी आहे आणि मला झाड दिसलं नाही. तीन माणसं होती नावेत."

आक्कानं त्याच्या पाठीवर हात ठेवला. वल्ह्यानं नाक पुसलं, उठला आणि म्हणाला, "चला. पण मी माझ्या पायांनी चालणार. आणि ते हात कापवणारं औषध मला नको, ते आधीच सांगणार." मग वळून म्हणाला, "गिरणीदादा, ती दोरी आण. नावेची जुनी झालीय. नाव बांधायला चांगली आहे."

दवाखाना तीरापासून हाकेच्या अंतरावर. उंच भिंत, लोखंडी फाटक. फाटकावरचा पहारेकरी म्हातारा झाला होता. त्यानं वल्ह्याकडे नाही, आक्काकडे निरखून पाहिलं.

"बाई, तुम्ही त्याच ना? दर आठवड्याला येऊन इथं या दगडावर बसायच्या त्या?"

आक्कानं त्या दगडाकडे पाहिलं.

"सात महिने यायच्या," पहारेकरी पुढाऱ्याला सांगायला लागला. "उन्हाळ्यात नदी उतरून, पावसाळ्यात त्या पुलावरून वळसा घालून. आतून हुकूम होता, भेटू द्यायचं नाही, पेशंट बिथरतो. दिवसभर बसायच्या. डबा माझ्याकडे द्यायच्या. मी आत पाठवायचो, पुढं कुठं जायचा देव जाणे."

वल्ह्या जागच्या जागी थांबला. "मला कुणी सांगितलं नाही," तो म्हणाला. "मला वाटलं, टाकलं मला."

"वेडा आहेस," आक्का म्हणाली, आणि मग आपण काय बोललो ते कळून तिला हसू फुटलं, आणि हसता हसता रडू. वल्ह्याही हसला. पहारेकऱ्यानं फाटक उघडलं.

आत जुना डॉक्टर बदलून गेला होता. त्याच्या जागी एक डॉक्टरीणबाई होत्या, तरुण, केस कसेबसे वर बांधलेले, टेबलावर अर्धा प्यालेला गार चहा. कारकुनानं सवयीनं कागद आक्कापुढं सरकवला. "नातेवाइकांनी इथं सही करा."

"मी नाही करणार," आक्का म्हणाली. "तो समोर बसलाय, त्याला विचारा."

कारकुनानं पुढाऱ्याकडे पाहिलं. पुढाऱ्यानं आपला कागद पुढं केला. डॉक्टरीणबाईंनी तो वाचला, बाजूला ठेवला आणि खुर्ची वल्ह्यासमोर ओढली.

"काय होतंय तुम्हाला?"

वल्ह्या बोलायला लागला. पूर, गुरं, खालून चाललेलं पाणी, झाड, पुन्हा पूर. बाई ऐकत राहिल्या. मग त्यांचं लक्ष त्याच्या मनगटांकडे गेलं. "हे व्रण कशाचे?"

वल्ह्यानं बाह्या खाली ओढल्या. तेव्हा दारातून आवाज आला, "माझे. म्हणजे, मी बांधलं होतं. मागच्या खेपेला." गिरणीवाल्याचं तोंड पिठापेक्षा पांढरं झालं होतं. "पोत्याची गाठ मारली मी. माणसाला मारायची नसते."

वल्ह्यानं त्याच्याकडे पाहिलं. "चार वर्षं लागली रे तुला तेवढं बोलायला," तो म्हणाला. पण रागानं नाही म्हणाला.

मग वल्ह्यानं अटी घातल्या. बांधायचं नाही. आक्काला रोज भेटू द्यायचं. हात कापायला लागले तर औषध बदलायचं. "आणि मला जायचं म्हटलं की जाऊ द्यायचं."

बाईंनी पहिल्या तीन लिहून घेतल्या. चौथीला पेन थांबलं. "ही मी कबूल करत नाही," त्या म्हणाल्या. "तुम्ही दोन दिवसांनी जातो म्हणालात, आणि तुम्ही बाहेर जाऊन स्वतःला नाहीतर दुसऱ्याला बुडवाल असं मला दिसलं, तर मी अडवेन. पण तोंडावर सांगून अडवेन. आणि दर दोन दिवसांनी पुन्हा विचारेन."

वल्ह्यानं विचार केला. "म्हणजे दोरी आहेच. फक्त पोत्याखाली नाही."

"हो," बाई म्हणाल्या. "दिसेल अशी आहे."

वल्ह्यानं पेन घेतलं आणि स्वतः सही केली.

पुढारी समाधानानं हात झटकत बाहेर आला. "झालं बघ काम. चल गिरणीवाल्या, घरी जाऊ."

दोघं तीराशी आले. नाव नव्या दोरीनं नीट बांधलेली होती. नदी घोंघावत होती. दोघं बराच वेळ नावेकडे बघत उभे राहिले. मग पुढाऱ्याच्या डोक्यात प्रकाश पडला आणि त्याचा चेहरा पडला.

पेठेतले नावाडी या पाण्यात खडकांच्या वळणाकडे यायला तयार होईनात. पुलाची वाट ओढ्यांनी बंद. पेठेत ओळखीपाळखीचं कुणी नाही. शेवटी डॉक्टरीणबाईंनीच त्यांना नातेवाइकांच्या पडवीत जागा दिली. आक्काच्या शेजारी दोन चटया.

दवाखान्याचे नियम सगळ्यांना सारखेच. घंटा झाली की जेवण, घंटा झाली की दिवा बंद, सहाला फाटकाला कुलूप. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी पुढाऱ्याची तंबाखू संपली. तो फाटकाकडे गेला.

"उघड."

"चिठ्ठी आहे?" पहारेकरी म्हणाला.

"कसली चिठ्ठी? मी पुढारी आहे!"

"इथं सगळेच कुणी ना कुणी असतात, काका. सकाळी बाईंना विचारा."

"अरे, मी आजारी नाही!"

"तेही सगळेच म्हणतात. आवाज चढवू नका, तब्येतीला बरं नाही."

पुढारी पडवीत परत आला आणि बसून राहिला. "मला कुणी विचारलंसुद्धा नाही," तो गिरणीवाल्याला म्हणाला. गिरणीवाला उत्तर देणार होता, पण आक्काच्या तोंडात पदराचा बोळा होता आणि खांदे हलत होते, ते बघून त्यालाही बोलणं सुधरेना.

तिसरा दिवस मात्र हसण्याचा नव्हता. वल्ह्या उठला आणि म्हणाला, मी जातो. मग ओरडला, दारावर लाथा मारल्या, आक्काला नाही नाही ते बोलला. दोन दांडगे कामगार धावत आले. बाईंनी त्यांना बाहेरच थांबवलं आणि स्वतः आत जाऊन जमिनीवर बसल्या. "मी म्हटलं होतं, अडवेन. आज अडवतेय. परवा विचारेन." वल्ह्यानं भिंतीकडे तोंड केलं. गिरणीवाला खिडकीतून बघत होता. बाईंचे हात मांडीवर घट्ट धरलेले होते. त्यांनाही हे सोपं जात नव्हतं. आक्का दिवसभर दाराशी बसली, यंदा आतल्या बाजूला.

त्या रात्री वल्ह्या सलग आठ तास झोपला. ठरल्या दिवशी बाईंनी विचारलं. तो म्हणाला, "राहतो."

पाचव्या दिवशी पुढारी डॉक्टरीणबाईंसमोर हात जोडून उभा. अडला हरी गाढवाचे पाय धरी. "बाई, वल्ह्या अगदी ठणठणीत आहे. मी त्याला लहानपणापासून ओळखतो. मुळात त्याला काही झालंच नव्हतं. सोडा त्याला."

बाईंनी फाईल उघडली. "तुमच्याच अक्षरात आहे. 'गावाला धोका.' दोनदा अधोरेखित."

"ते रागात लिहिलं हो!"

"मग त्यालाच विचारा."

पुढारी वल्ह्याकडे गेला. वल्ह्या खाटेवर बसून भात खात होता. हात स्थिर होते. एक औषध बाईंनी मध्येच बदललं होतं.

"नाही पुढारी," तो म्हणाला. "झोप अजून कच्ची आहे. कच्ची झोप अन् कच्चं मडकं, पाण्यात दोन्ही टिकत नाहीत. तुम्हाला घाई असेल तर तुम्ही व्हा पुढं."

बाराव्या दिवशी बाईंनी आणि वल्ह्यानं मिळून ठरवलं, आता जायला हरकत नाही. महिन्यातून एकदा दाखवायला यायचं. येताना वल्ह्या दर चार हातांनी पाण्याकडे नीट बघत होता, आणि त्याचं पाहणं बघून गिरणीवाल्यानं पहिल्यांदाच काठ धरलेला एक हात सोडला.

या तीरावर गाव गोळा झालं होतं. बारा दिवस कुणाचं दळण झालं नव्हतं, त्यामुळे गिरणीवाल्याचं स्वागत वल्ह्यापेक्षा मोठं झालं.

दुसऱ्याच दिवशी वल्ह्या आणि आक्का पुढाऱ्याच्या रानात गेले. जी ताटं वाकली होती ती त्यांनी माती लावून उभी केली, जी मोडली होती ती कापून पुढाऱ्याच्याच म्हशींना घातली. आठ दिवस राबले. निम्मा मका तरला. पुढारी बांधावर उभा राहून कुरकुरत होता, पण तिसऱ्या दिवशी त्यानं स्वतः पाण्याची कळशी आणून ठेवली.

मग वल्ह्या गिरणीत आला. दळण नव्हतं हातात.

"गिरणीदादा, आजार पुन्हा येणार. बाई म्हणाल्या, येऊ शकतो. पुढच्या खेपेला मी वल्हं धरायच्या लायकीचा नसलो तर मला नेणार कोण?"

"मला कशाला विचारतोस? मला पाण्याची भीती वाटते."

"म्हणूनच. भिणारा माणूस झाड आधी बघतो."

शिकवणी सुरू झाली. पहिले पंधरा दिवस नाव जागच्या जागी गरगर फिरली. गिरणीवाल्याच्या हातात जोर दोन बैलांचा, त्यामुळे ती फिरायचीही दुप्पट. बायका धुणं टाकून बघायला थांबायच्या. त्याची स्वतःची बायको काठावरून ओरडायची, "अहो, जातं नाही ते! सरळ चालवा!" वल्ह्या नावेत बसून कपाळ बडवून घ्यायचा. पण नदी उतरली, खडकांची डोकी दिसायला लागली, आणि एकेक खडक गिरणीवाल्याच्या ओळखीचा झाला.

महिना भरला. वल्ह्यानं स्वच्छ सदरा घातला, केस विंचरले, औषधाची पुडी खिशात टाकली आणि नावेत पाहुण्यासारखा बसला. "ने."

गिरणीवाल्यानं नेलं. अर्धी वाट डोळे वटारून, अर्धी वाट तोंडानं मोठमोठ्यानं खडक मोजत. "हा एक! हा गेला! हा दुसरा!" मध्ये एकदा वल्हं निसटलं, ते धरताना तो कमरेपर्यंत भिजला. पण नाव पलीकडच्या मातीला लागली, आणि सरळ लागली.

फाटकावर त्या दिवशी नवा पहारेकरी होता. त्यानं दोघांकडे पाहिलं. एक शांत, नीटनेटका, हातात कागद. दुसरा ओलाचिंब, पांढऱ्या भुवया विस्कटलेल्या, हात लटपटतायत, डोळे भिरभिरतायत, आणि अजून पुटपुटतोय, "तिसरा डावीकडे, चौथा उजवीकडे."

पहारेकऱ्यानं अलगद गिरणीवाल्याचा दंड धरला. "या काका, घाबरायचं नाही. आत बाई आहेत, खूप चांगल्या आहेत. कधीपासून होतंय असं?"

"तीन आठवडे झाले," गिरणीवाला धापा टाकत म्हणाला. "पण आज सरळ आली."

वल्ह्या हसून हसून फाटकाला टेकला. पहारेकऱ्याला काही उमगेना. गिरणीवाल्यालाही क्षणभर उमगलं नाही. मग उमगलं. त्यानं वल्ह्याच्या हातातला कागद काढून पहारेकऱ्याला दिला, दंड काही सोडवून घेतला नाही.

"पेशंट तो आहे," गिरणीवाला म्हणाला. "मी नावाडी."